चेहऱ्याला तिकीट, आम्हाला धूळ

२८ मार्च २०२४. त्या दिवशी मुंबईत गोविंदा एकनाथ शिंदे यांच्या शिवसेनेत दाखल झाला. त्याच दिवशी इकडे रामटेकच्या काँग्रेस उमेदवार रश्मी बर्वे यांचं जातवैधता प्रमाणपत्र रद्द झालं आणि त्यांची उमेदवारी गेली. पर्यायी अर्ज त्यांचे पती श्यामकुमार बर्वे यांचा होता, म्हणून ते उमेदवार झाले. पुढच्या काही दिवसांत गोविंदा रामटेक मतदारसंघात शिवसेनेचे उमेदवार राजू पारवे यांच्या प्रचाराला आला, रोड शो झाला. १९ एप्रिलला मतदान झालं आणि बर्वे ७६,७६८ मतांनी निवडून आले.

नागपूरजवळची आमची बुटीबोरी हिंगणा विधानसभेत येते आणि हिंगणा रामटेक लोकसभेत. म्हणजे हा आमचाच निकाल. बर्वे यांच्या पक्षाशी मला काही घेणंदेणं नाही. मला अभिमान आहे तो आमच्या मतदाराचा. त्यानं नट डोळे भरून पाहिला आणि मत स्वतःच्या डोक्यानं दिलं. पाहणं वेगळं आणि निवडणं वेगळं, एवढी समज वर्धा रोडवरच्या माणसाला आहे. ती नाही असं धरून चालणारे पक्ष मात्र दर पाच वर्षांनी त्याच्या दारात एक चेहरा आणून उभा करतात.

आधी पक्षांनाच धरू. लोकप्रतिनिधित्व कायदा १९५१ चा. त्याच्या ७७ व्या कलमात स्टार प्रचारकांची सोय आहे. मान्यताप्राप्त पक्षाला चाळीस आणि बाकीच्या नोंदणीकृत पक्षांना वीस नावं देता येतात. या लोकांच्या प्रवासाचा खर्च उमेदवाराच्या खात्यात धरला जात नाही. लोकसभेच्या उमेदवाराला आपल्या राज्यात ९५ लाखांची मर्यादा आहे, पण हेलिकॉप्टरमधून उतरणाऱ्या नटाचं भाडं त्या मर्यादेच्या बाहेर. कायद्यानं ही सवलत पक्षाच्या नेत्यांसाठी ठेवली, कारण नेत्यानं गावोगाव जाऊन पक्षाचं धोरण सांगावं ही अपेक्षा होती. पक्षांनी त्या यादीत नट भरले. आठवड्यापूर्वी पक्षात आलेला माणूस कोणतं धोरण सांगणार? त्याला उमेदवाराचं नावसुद्धा शेजारी उभ्या असलेल्या कार्यकर्त्याला विचारून घ्यावं लागतं. ही सवलत ज्यांनी पक्षासाठी काम केलं त्यांच्यापुरतीच असावी आणि निवडणूक आयोगानं त्यासाठी सदस्यत्वाची किमान मुदत ठरवावी, असं माझं स्पष्ट मत आहे.

प्रचाराला येणं एक वेळ समजू शकतो. नट स्वतःच उमेदवार म्हणून उभा राहतो तेव्हा हिशेब आणखी कडक असला पाहिजे. अभिनेता राजकारणात आला की पुढे काय होतं, हे महाराष्ट्रात नीट पाहायचं असेल तर शिरूर मतदारसंघ पाहावा लागतो. तो आम्हाला परका नाही. चाकण आणि रांजणगाव या दोन्ही औद्योगिक वसाहती शिरूर लोकसभेत येतात. विदर्भातली किती तरी पोरं आयटीआय करून तिकडे कामाला लागली आहेत. तिथला खासदार कोण, याचा संबंध आमच्या घरातल्या मनीऑर्डरशी आहे.

डॉ. अमोल कोल्हे हे नारायणगावचे. मुंबईच्या केईएममधून एमबीबीएस झाले, पण रमले अभिनयात. २००८ मध्ये स्टार प्रवाहवरच्या ‘राजा शिवछत्रपती’ मालिकेत ते शिवाजी महाराज झाले. पुढे २०१७ पासून झी मराठीवर ‘स्वराज्यरक्षक संभाजी’ सुरू झाली आणि ते घराघरांत संभाजी महाराज झाले. मैदानावरच्या महानाट्यांतही त्यांनी त्या भूमिका घोड्यावर बसून केल्या. राजकारणात ते आधी शिवसेनेत होते. १ मार्च २०१९ ला ते राष्ट्रवादीत आले आणि त्याच उन्हाळ्यात तीन वेळा खासदार झालेल्या शिवाजीराव आढळराव पाटलांना त्यांनी ५८,४८३ मतांनी हरवलं. तेव्हा मालिका चालू होती. ती २०२० मध्ये संपली. संध्याकाळी टीव्हीवर छत्रपती आणि सकाळी मतदान यंत्रावर तोच चेहरा, अशी ती निवडणूक होती.

भूमिकेचा फायदा झाला नाही असं कोणी म्हणू नये. झालाच. त्यात गुन्हा काही नाही. वकील कोर्टात नाव कमावतो आणि त्यावर निवडून येतो, डॉक्टर दवाखान्यात कमावतो, साखर कारखान्याचा चेअरमन उसावर कमावतो. नटानं रंगभूमीवर कमावलं तर त्यात कमीपणा कसला? फरक एकच आहे. वकिलाची पुण्याई त्याची स्वतःची असते. नटाच्या पुण्याईतला मोठा वाटा त्यानं ज्याची भूमिका केली त्या माणसाचा असतो. संभाजी महाराजांनी देह दिला त्याचं श्रेय त्यांचं आहे. ते मेकअप उतरवल्यावरही अंगावर ठेवून मतं मागायची नसतात. पक्षांनी नेमकं तेच करायला लावलं.

आणि मग २०२२ साल उजाडलं. खासदार होण्यापूर्वी, २०१७ मध्ये, कोल्ह्यांनी एका चित्रपटात नथुराम गोडसेची भूमिका केली होती. ‘व्हाय आय किल्ड गांधी’ हा तो चित्रपट. तो गांधीजींच्या पुण्यतिथीच्या सुमारास प्रदर्शित होणार म्हटल्यावर महाराष्ट्रभर वाद पेटला. त्यांच्याच पक्षातल्या जितेंद्र आव्हाडांनी उघड विरोध केला. शरद पवारांनी कलावंत म्हणून त्यांची बाजू घेतली. कोल्हे म्हणाले, भूमिका केली म्हणजे विचार मान्य केला असं होत नाही. शेवटी त्यांनी आळंदीला जाऊन आत्मक्लेश केला.

कोल्हे जे म्हणाले ते खरंच आहे. भूमिका म्हणजे माणूस नव्हे. निळू फुले आयुष्यभर पडद्यावर पाटील, सावकार, बदमाश झाले आणि प्रत्यक्षात त्यांच्याइतका सरळ माणूस सापडणं कठीण होतं. पण मग हे दोन्हीकडे लावा. गोडसे केला म्हणून कोल्हे गोडसेवादी ठरत नाहीत, तसेच छत्रपती केले म्हणून ते छत्रपतींचे वारसदारही ठरत नाहीत. मतदारानं छत्रपतींच्या भूमिकेला पदरात घ्यायचं आणि गोडसेच्या भूमिकेला दगड मारायचे, हा न्याय नव्हे. नटानंही एका भूमिकेवर मतं घ्यायची आणि दुसरीचा प्रश्न आला की कलेच्या स्वातंत्र्याकडे बोट दाखवायचं, हेही चालणार नाही. या वादात बरोबर प्रश्न कुणीच विचारला नाही. तो असा होता: खासदार म्हणून शिरूरसाठी काय केलं?

तो प्रश्न दोन वर्षांनी मतदारांनी विचारला. मधल्या काळात पुष्कळ घडलं. २ जुलै २०२३ ला राष्ट्रवादीतून फुटलेल्या अजित पवारांचा शपथविधी झाला तेव्हा कोल्हे राजभवनात हजर होते. दुसऱ्याच दिवशी त्यांनी आपण शरद पवारांसोबत असल्याचं जाहीर केलं. मला तो एक दिवस आजही खटकतो. पण त्यानंतर ते हलले नाहीत. डिसेंबर २०२३ मध्ये केंद्रानं कांद्याची निर्यात बंद केली. जुन्नर, आंबेगाव, खेड हा कांद्याचा पट्टा. त्यावर ते संसदेत आणि बाहेर बोलले, १९ डिसेंबरला सुप्रिया सुळ्यांसोबत लोकसभेतून निलंबित झाले आणि नंतर शिवनेरीवरून पुण्यापर्यंत शेतकरी आक्रोश मोर्चा काढला. विरोधकांनी त्यांच्यावर एकच आरोप लावून धरला, की हा माणूस मतदारसंघात दिसत नाही, शूटिंग आणि महानाट्यात असतो. आरोप पोकळ नव्हता, लोकांचीही ती तक्रार होती. २०२४ मध्ये समोर पुन्हा आढळराव पाटील होते, या वेळी अजित पवारांच्या पक्षाकडून. मालिका संपून चार वर्षं झाली होती. कोल्हे १,४०,९५१ मतांनी जिंकले.

हे दोन आकडे शेजारी ठेवा. पडद्यावर छत्रपती असताना ५८ हजार. रोजची मालिका नसताना, कांदा आणि निष्ठा हे मुद्दे असताना १ लाख ४० हजार. पक्षांच्या बैठकीत बसून ‘कोणी फेमस चेहरा बघा’ म्हणणाऱ्यांनी हे आकडे भिंतीवर लावावेत. मतदाराला चेहऱ्यापेक्षा भांडणारा माणूस जास्त हवा असतो, याचा इतका चोख पुरावा दुसरा मिळणार नाही.

उलटी उदाहरणंही आहेत. हाच गोविंदा २००४ मध्ये काँग्रेसकडून उत्तर मुंबईत उभा राहिला आणि त्यानं राम नाईकांना सुमारे ४८ हजार मतांनी पाडलं. राम नाईक पाच वेळा खासदार झालेले, केंद्रात पेट्रोलियम मंत्री राहिलेले, लोकल गाड्यांच्या प्रवाशांसाठी झिजलेले. त्यांच्या जागी जो आला त्याची पाच वर्षांत चर्चा झाली ती गैरहजेरीची. २००९ ला तो उभाच राहिला नाही. नुकसान कोणाचं झालं? गोविंदाचं नाही आणि काँग्रेसचंही नाही. नुकसान विरार गाडीत लोंबकळणाऱ्या माणसाचं झालं. म्हणून म्हणतो, नटाला तिकीट देण्यात गंमत नाही, त्यात कुणाचा तरी प्रतिनिधी हिरावला जातो. आणि पराभवाची यादी पाहा. २००९ ला माहीममध्ये आदेश बांदेकर, २०१४ ला वायव्य मुंबईत महेश मांजरेकर, २०१९ ला उत्तर मुंबईत उर्मिला मातोंडकर. प्रसिद्धी सगळ्यांकडे होती, जागा मात्र हाती लागली नाही. नंदू माधव यांचं मला वेगळं सांगायचं आहे. २०१४ मध्ये ते आम आदमी पक्षाकडून थेट बीडमध्ये गोपीनाथ मुंड्यांसमोर उभे राहिले. पडणार हे त्यांनाही ठाऊक असणार. तरी आपल्याच जिल्ह्यात, आपल्याच लोकांसमोर, सोप्या जागेचा मोह न धरता उभं राहिलेल्या त्या नटाला माझा मनापासून नमस्कार.

आमच्या विदर्भात अमरावतीला नवनीत राणा होत्या. त्यांचं नाव निघालं की लोक ‘हिरोईन’ म्हणतात. पण त्यांचे चित्रपट प्रामुख्यानं तेलुगू आणि दक्षिणेतले, ते अमरावतीत किती जणांनी पाहिले होते? २०१४ ला राष्ट्रवादीच्या तिकिटावर त्या हरल्या, २०१९ ला अपक्ष म्हणून जिंकल्या, २०२४ ला भाजपच्या तिकिटावर काँग्रेसच्या बळवंत वानखडे यांच्याकडून हरल्या. हे सगळे चढउतार त्यांच्या पतीच्या, बडनेऱ्याच्या राणांच्या संघटनेचे आणि जिल्ह्यातल्या बेरजा-वजाबाक्यांचे होते. सिनेमाचा त्यात फार थोडा भाग. त्यांच्यावर राजकीय टीका जरूर करा, मीही करतो, पण ती बाईच्या जुन्या पेशावरून करणं हलकटपणा आहे.

मग नटानं राजकारण करूच नये का? करावं, आणि जीव ओतून करावं. सुनील दत्त १९८४ मध्ये वायव्य मुंबईतून खासदार झाले. पंजाब पेटलेला असताना १९८७ मध्ये ते मुंबईहून अमृतसरपर्यंत पायी चालत गेले. पाच वेळा निवडून आले आणि २००५ मध्ये गेले तेव्हा खासदार आणि मंत्री होते. झोपडपट्टीतल्या माणसाला त्यांचं दार उघडं होतं. इंग्लंडमध्ये ग्लेंडा जॅक्सन यांना दोन ऑस्कर मिळालेली. १९९२ मध्ये त्या खासदार झाल्या आणि २०१५ पर्यंत राहिल्या. या तेवीस वर्षांत त्यांनी अभिनय बाजूला ठेवला. खासदारकी संपल्यावर, वयाची ऐंशी गाठताना, त्या रंगमंचावर परतल्या त्या थेट किंग लिअर होऊन. आमच्याकडच्या नटांनी हे नीट वाचावं. दोन्ही कामं पूर्णवेळाची आहेत. एकाच वेळी दोन्ही करणारा माणूस एका ठिकाणी लोकांना फसवतो.

आणि उमेदवारी न करता राजकारण करायची वाट तर आपल्या मराठी रंगभूमीनंच घालून दिली आहे. निळू फुले पुण्यात माळीकाम करायचे, राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकातून वर आले. अमर शेख, अण्णाभाऊ साठे आणि द. ना. गव्हाणकर लाल बावट्याचं कलापथक घेऊन गिरणगावात उभे राहिले. पुढे डॉ. श्रीराम लागू, निळू फुले आणि त्यांच्या साथीदारांनी अत्र्यांच्या ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग महाराष्ट्रभर केले आणि त्या पैशांतून सामाजिक कृतज्ञता निधी उभा केला. खेड्यापाड्यांत पूर्णवेळ काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना त्यातून दरमहा मानधन मिळू लागलं. लागूंनी तिकीट मागितलं नाही. फुल्यांना कोणत्याही पक्षानं आनंदानं तिकीट दिलं असतं. त्यांनी आपल्या नावावर पैसा उभा केला आणि तो ज्यांना नाव नाही त्यांच्या हाती दिला. नटानं राजकारणात येणं म्हणजे काय, याचं माझ्या लेखी यापेक्षा मोठं उत्तर नाही.

आता बुटीबोरीकडे या. आशियातल्या मोठ्या औद्योगिक वसाहतींत आमचं नाव घेतात. ते नाव भाषणात ऐकायला बरं वाटतं. इथलं सहाशे मेगावॅटचं वीजकेंद्र २०१९ च्या सुरुवातीला बंद पडलं आणि वर्षानुवर्षं बंदच राहिलं. त्याभोवती जगणारे ठेकेदार, ड्रायव्हर, खानावळवाले कुठे गेले याची नोंद कोणत्या पक्षाच्या जाहीरनाम्यात आहे? चौकातला उड्डाणपूल २०२१ मध्ये सुरू झाला आणि साडेतीन वर्षांत त्याला तडे गेले. तीन पाळ्यांत माणसं येतात-जातात, त्यातली किती तरी ठेक्यावर. सकाळच्या पाळीचा पोरगा टपरीवर चहा घेताना म्हणतो, “भाऊ, मोठ्ठा माणूस येऊन जाते, आपण फोटो काढतो, अन् पगार तेवढाच राह्यते.” त्या वाक्यात मला भर घालता येणार नाही.

खासदार हजर असणं आमच्यासाठी का महत्त्वाचं, तेही सांगतो. सप्टेंबर २०२० मध्ये संसदेनं तीन कामगार संहिता दोन दिवसांत मंजूर केल्या. राज्यसभेत तर विरोधकांचा बहिष्कार असताना. त्यातली औद्योगिक संबंध संहिता म्हणते की तीनशेपेक्षा कमी कामगार असलेल्या कारखान्याला कपात करायला किंवा टाळं लावायला सरकारची आधी परवानगी लागणार नाही. जुन्या कायद्यात ही मर्यादा शंभर होती. २१ नोव्हेंबर २०२५ पासून या संहिता लागू झाल्या. बुटीबोरी, हिंगणा, चाकण, रांजणगाव इथे शंभर ते तीनशेच्या मधले कारखाने गल्लोगल्ली आहेत. त्या कलमावर सभागृहात तासन्‌तास भांडण व्हायला हवं होतं. दुरुस्त्या सुचवायला हव्या होत्या, मतविभागणी मागायला हवी होती. हे काम चेहऱ्यानं होत नाही. त्याला रात्री जागून विधेयक वाचावं लागतं.

खरं तर नटाला हे जमायला हवं. त्याच्याकडे पाठांतर आहे, आवाज आहे, समोरच्याचं ऐकून घ्यायची सवय आहे, हजार माणसांसमोर उभं राहायचं धैर्य आहे. एका प्रयोगासाठी तो महिनाभर तालीम करतो. तेवढीच तालीम एका कामगार कायद्यासाठी केली तर शंभर वकील खासदारांना तो भारी पडेल. मराठी नट बुद्धीनं कमी नाही, हे मी ठामपणे सांगतो. पक्ष त्याच्याकडून ती तालीम मागतच नाहीत. त्यांना त्याचा फोटो हवा असतो आणि जमलं तर पोवाड्यातल्या चार ओळी. जो पक्ष वीस वर्षं बूथ सांभाळणाऱ्या कार्यकर्त्याला बाजूला सारून चेहऱ्याला तिकीट देतो, तो कार्यकर्त्याचा अपमान करतोच, पण त्या नटाचाही करतो. त्याच्यातला विचार करणारा माणूस त्यांना नकोच असतो.

म्हणून बुटीबोरीकरांनो, पुढच्या निवडणुकीत कोणी तारा आला तर जरूर पाहा. त्याच्या कामावर प्रेम असेल तर टाळ्याही वाजवा, ते त्याचं हक्काचं आहे. पण गाडी थांबली की त्याच्या शेजारच्या उमेदवाराला विचारा, तीनशे कामगारांचं कलम बदलायची वेळ आली तर तू कोणत्या बाजूनं मत देणार, ठेक्यावरच्या पोरांच्या पगाराचं काय करणार, आणि वर्षातले किती दिवस सभागृहात बसणार. नट स्वतःच उमेदवार असेल तर हेच प्रश्न त्याला विचारा आणि वर एक जास्तीचा विचारा, की निवडून आल्यावर शूटिंग बंद करणार का. जे उत्तर मिळेल ते कागदावर तारखेसह लिहून ठेवा, आणि पाच वर्षांनी मतदानाला जाताना तो कागद सोबत न्या.